पडद्यावरची प्रतिमा

पाठाची ओळख

बंदिवास म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे उंच भिंती, लोखंडी गज, मोठे कुलूप आणि दारावरचा पहारेकरी उभा राहतो. तुरुंग, सुधारगृह, मनोरुग्णालय, निराधारांचे वसतिगृह अशा संस्थांमध्ये माणसाच्या नावापेक्षा त्याच्या नोंदवहीतील क्रमांकाला अधिक महत्त्व येते. उठण्याची, जेवण्याची, भेटीगाठीची वेळ दुसरे कोणी तरी ठरवते. असा माणूस आधी बाहेरच्या जगाला परका होतो आणि पुढे पुढे स्वतःलाही परका वाटू लागतो. या अवस्थेला समीक्षेच्या भाषेत 'परात्मता' असे म्हणतात. साध्या मराठीत तिला तुटलेपण म्हणता येईल.

परंतु ज्या ठिकाणी माणूस स्वखुशीने, सन्मानाचा पाहुणा म्हणून प्रवेश करतो, तेथेही तो बंदिवान होऊ शकतो काय? गिरीश कार्नाड यांच्या 'ओडकलु बिंब' या कन्नड नाटकाने हा प्रश्न उभा केला. २००५ साली बेंगळुरूच्या जे. पी. नगरातील 'रंगशंकरा' या नाट्यगृहात ते प्रथम रंगमंचावर आले. या नाटकात एक जिवंत अभिनेत्री आणि आधी चित्रित करून ठेवलेली तिचीच प्रतिमा यांचा संवाद आहे. म्हणजे नाटकाच्या पोटात जणू एक प्रायोगिक लघुपट सामावलेला आहे. नाटक आणि चित्रपट या दोन कलांच्या अशा एकत्र येण्यातून तुटलेपणाचा अनुभव कसा साकारतो, हे या पाठात आपल्याला पाहायचे आहे. पाठाच्या अभ्यासानंतर तुम्हाला 'परात्मता' ही संकल्पना उदाहरणासह स्पष्ट करता येईल आणि रंगमंचावरील काळ व पडद्यावरील काळ यांतील फरक सांगता येईल.

नाट्यगृह आणि नाटककार

दक्षिण बेंगळुरूतील जे. पी. नगर ही वसाहत जयप्रकाश नारायण यांच्या नावाने वसलेली आहे. जून १९७५ मध्ये आणीबाणी पुकारली गेली, तेव्हा जयप्रकाशांना अटक झाली. त्यांच्या स्थानबद्धतेचा मोठा काळ तुरुंगात नव्हे, तर चंदीगडच्या रुग्णालयातील एका खोलीत, एकाकी अवस्थेत गेला. तेथे ते दैनंदिनी लिहीत असत. उपचारासाठी बांधलेली खोली कोठडीचे काम कसे करू शकते, याचे हे आपल्याच देशातील उदाहरण आहे. ज्या नाटकाचा आपण विचार करणार आहोत, ते या नावाच्या वसाहतीत प्रथम सादर व्हावे, हा केवळ योगायोग. पण तो ध्यानात ठेवण्याजोगा आहे.

'रंगशंकरा' हे नाट्यगृह २००४ साली सुरू झाले. शंकर नाग यांच्या स्मरणार्थ ते उभारले गेले. 'मालगुडी डेज' या दूरचित्रवाणी मालिकेचे दिग्दर्शक म्हणून शंकर नाग यांचे नाव देशभर पोहोचले. त्यांच्या कलाजीवनाचा आरंभ मात्र मुंबईच्या मराठी रंगभूमीच्या सहवासात झाला होता. ३० सप्टेंबर १९९० रोजी दावणगेरेजवळ रस्त्यावरील अपघातात त्यांचे निधन झाले. त्यांच्या पत्नी अरुंधती नाग यांनीही मुंबईत मराठी, गुजराती व हिंदी रंगभूमीवर कामे केली होती. पतीचे नाट्यगृहाचे स्वप्न त्यांनी अनेक वर्षांच्या खटपटीनंतर पूर्ण केले. या नाट्यगृहाचा एक नियम प्रसिद्ध आहे. प्रयोग ठरलेल्या वेळी सुरू होतो आणि एकदा दार बंद झाले की उशिरा आलेल्यास, तो कितीही मोठा असो, आत घेतले जात नाही. आपल्याकडील नाट्यगृहांत पहिल्या अंकाच्या मध्यापर्यंत खुर्च्या वाजत असतात, हे आठवले म्हणजे या नियमाचे मोल कळते.

गिरीश कार्नाड (१९३८–२०१९) यांचा जन्म माथेरानचा. ते कन्नड नाटककार खरे, पण मराठी रसिकांना ते कधीच परके वाटले नाहीत. त्यांचे 'तुघलक' विजय तेंडुलकर यांनी, तर 'हयवदन' चिं. त्र्यं. खानोलकर यांनी मराठीत आणले. १९७४–७५ या काळात कार्नाड पुण्याच्या चित्रपट संस्थेचे संचालक होते. १९९८ सालच्या ज्ञानपीठ पुरस्काराचे ते मानकरी. पुराण, इतिहास व लोककथा यांतून कथावस्तू घेणारा नाटककार अशी त्यांची ख्याती होती. 'ओडकलु बिंब'मध्ये मात्र त्यांनी आजच्या बेंगळुरूतील दूरचित्रवाणीचा स्टुडिओ निवडला.

भिंतींच्या आतले तुटलेपण

नाटकाकडे वळण्यापूर्वी एका मराठी चित्रपटाची आठवण करून घेणे उपयुक्त ठरेल. जब्बार पटेल दिग्दर्शित 'उंबरठा' (१९८२) हा चित्रपट शांता निसळ यांच्या 'बेघर' या कादंबरीवर आधारलेला आहे. पटकथा विजय तेंडुलकरांची. स्मिता पाटील यांनी त्यात सुलभा महाजन या महिला सुधारगृहाच्या अधीक्षिकेची भूमिका केली, तर सुलभाच्या पतीची भूमिका केली ती गिरीश कार्नाड यांनीच.

सुलभा सुधारगृहात येते ती तेथील स्त्रियांचे जीवन सुधारावे म्हणून. तेथे तिला दिसतात त्या भिंती, कागदपत्रे, व्यवस्थापक मंडळाचा दबाव आणि भिंतीआडचा भ्रष्टाचार. आश्रमातील स्त्रियांना बाहेर जाता येत नाही, हे तर उघडच आहे. पण ज्या हाती किल्ल्या आहेत त्या सुलभेलाही तेथे मोकळेपणाने काही करता येत नाही. दोन स्त्रियांच्या भीषण मृत्यूनंतर चौकशी होते, सुलभा राजीनामा देते. ती घरी परतते, तर तेथेही तिची जागा उरलेली नसते. संस्था आणि घर या दोन्ही ठिकाणी ती उपरी ठरते.

'उंबरठा'मधील बंदिवास प्रेक्षकाला डोळ्यांनी दिसतो. फाटक दिसते, कुलूप दिसते, खिडकीचे गज दिसतात. कॅमेरा या सर्व वस्तूंवर रेंगाळतो. वास्तववादी चित्रपटाची ही रीत आहे. कार्नाडांच्या नाटकात यांपैकी एकही वस्तू नाही, आणि तरीही ते पाहताना प्रेक्षकाला कोंडल्यासारखे वाटते. ते कसे घडते, हे समजून घेण्यासाठी नाटकाची कथा पाहू.

पाठगत प्रश्न
१. सुलभेच्या हाती किल्ल्या असूनही ती मोकळी नाही, असे का म्हटले आहे?
२. माणसाच्या नावापेक्षा क्रमांकाला महत्त्व येते, असे तुम्हाला कोणकोणत्या ठिकाणी अनुभवास आले?

कथा

पडदा वर जातो तेव्हा रंगमंचावर दूरचित्रवाणीचा स्टुडिओ दिसतो. एका बाजूस मोठा पडदा, दुसऱ्या बाजूस टेबल व खुर्ची, मागे लहानमोठ्या आकाराचे दूरचित्रवाणी संच. टेबलाच्या वर एक लहानसा लाल दिवा. मंजुला नायक आत येते. ती इंग्रजीची प्राध्यापिका आणि कन्नडमधील कथालेखिका आहे. कन्नड कथांनी तिला फारसे यश दिलेले नाही. पण 'द रिव्हर हॅज नो मेमरीज' ही इंग्रजी कादंबरी तिच्या नावाने प्रसिद्ध झाली आणि ती एकदम जगप्रसिद्ध झाली. या कादंबरीवरील दूरचित्रपट आता प्रक्षेपित व्हायचा आहे. त्याआधी मंजुलेने प्रेक्षकांशी थोडा वेळ बोलावे, एवढेच तिचे काम.

ती आत्मविश्वासाने बोलते. कन्नड सोडून इंग्रजीत का लिहिले, या प्रश्नाला तिच्याजवळ उत्तर तयार आहे. कादंबरीची नायिका अपंग का, या प्रश्नालाही उत्तर आहे. तिची धाकटी बहीण मालिनी कमरेखालील भाग लुळा असल्याने आयुष्यभर चाकाच्या खुर्चीत होती. मंजुलेने तिची शुश्रूषा केली आणि त्या अनुभवातून कादंबरी जन्मली, असे ती सांगते. बहीण आता हयात नाही. हे सांगताना तिचा स्वर भरून येतो. भाषण संपते. मंजुला समाधानाने उठते आणि जायला निघते.

तोच मोठ्या पडद्यावरची तिची प्रतिमा तिला हाक मारते.

भाषण संपल्यावर पडद्यावरचे चित्र नाहीसे व्हायला हवे होते. ते नाहीसे होत नाही. खुर्चीत बसलेली ती दुसरी मंजुला शांतपणे पाहते आणि प्रश्न विचारू लागते. आरंभी प्रश्न साधे, मैत्रिणीने विचारावेत असे असतात. पती प्रमोद कोठे आहे? मालिनीचे आणि त्याचे संबंध कसे होते? मंजुला दिवसभर महाविद्यालयात असताना घरात ते दोघेच असत, त्याचे तुला काय वाटे? एकेका प्रश्नासरशी मंजुलेच्या भाषणातील एकेक वाक्य गळून पडते. शेवटी उघड होते ते असे: ती इंग्रजी कादंबरी मंजुलेची नव्हेच. ती मालिनीने लिहिली होती. मालिनीच्या मृत्यूनंतर तिची टंकलिखित प्रत मंजुलेच्या हाती लागली आणि तिने ती आपल्या नावावर छापली. त्या कादंबरीत एक मत्सरी नातेवाईक स्त्री आहे. ते मंजुलेचेच चित्र होते. स्वतःची निंदा जिच्यात आहे, ती कादंबरी स्वतःचीच म्हणून मिरवण्याची पाळी तिच्यावर आली आहे.

न थांबणारी प्रतिमा

या नाटकाचे वेगळेपण त्याच्या कथेत जितके आहे, त्याहून अधिक त्याच्या सादरीकरणात आहे. म्हणून या भागाकडे नीट लक्ष द्या.

रंगमंचावर एकच अभिनेत्री आहे. २००५ च्या निर्मितीत कन्नड प्रयोगात ही भूमिका अरुंधती नाग यांनी केली आणि इंग्रजी प्रयोगात अरुंधती राजा यांनी. दिग्दर्शन स्वतः कार्नाड आणि के. एम. चैतन्य यांचे होते. पडद्यावरची प्रतिमा म्हणजे याच अभिनेत्रीचे आधी सलग चित्रित केलेले काम. प्रयोगाच्या वेळी ते चित्रमुद्रण सुरू केले जाते आणि ते शेवटपर्यंत चालते. प्रतिमेने प्रश्न विचारून जितके क्षण वाट पाहिली आहे, तितक्याच क्षणांत रंगमंचावरील अभिनेत्रीने उत्तर दिले पाहिजे. उत्तर लांबले तर प्रतिमा मध्येच बोलू लागेल. उत्तर लवकर संपले तर प्रतिमा नुसतीच पाहत राहील आणि दोघींमधला दुवा तुटेल.

नेहमीच्या नाटकात असे नसते. मराठी रंगभूमीवरील कसलेले नट प्रेक्षकांचा हशा ओसरेपर्यंत थांबतात, टाळी आली तर तिला जागा देतात, एखाद्या दिवशी प्रेक्षागृह थंड असेल तर प्रवेशाची गती वाढवतात. समोरचा नट वाक्य विसरला तर त्याला सांभाळून घेतात. नाटकाचा प्रत्येक प्रयोग वेगळा होतो तो यामुळेच. रंगमंचावरचा काळ लवचीक असतो. तो नट आणि प्रेक्षक मिळून घडवतात. चित्रपटाचा काळ मात्र एकदा ठरला की ठरला. पडद्यावरचा नट हशासाठी थांबत नाही आणि प्रेक्षागृह रिकामे असले तरी त्याच्या आवाजात फरक पडत नाही.

'ओडकलु बिंब'मध्ये हे दोन काळ एकमेकांसमोर बसवले आहेत. परिणाम असा होतो की जिवंत अभिनेत्रीचे सर्व स्वातंत्र्य जाते. आज तिची प्रकृती बरी नसेल, आज तिला एखादे वाक्य वेगळ्या रीतीने म्हणावेसे वाटेल, आज प्रेक्षक अनपेक्षित ठिकाणी हसतील. पण त्या दुसरीला याची काही फिकीर नाही. ती काही महिन्यांपूर्वीच्या एका दिवशी जशी बोलली तशीच आज बोलणार. म्हणजे मंजुला जशी आपल्याच प्रतिमेच्या कचाट्यात सापडते, तशीच अभिनेत्रीही आपल्याच पूर्वीच्या अभिनयाच्या कैदेत असते. कथेतील बंदिवास आणि प्रयोगातील बंदिवास येथे एकच होतात. प्रेक्षकाला जी घुसमट जाणवते, तिचे मूळ येथे आहे. भिंती रंगवून किंवा गज उभे करून ती आणता आली नसती.

आणखी एक गोष्ट पाहा. रंगमंचावरची मंजुला माणसाच्या नेहमीच्या आकाराची आहे. पडद्यावरचा चेहरा तिच्या कितीतरी पट मोठा. प्रेक्षकाची नजर आपोआप मोठ्या चेहऱ्याकडे जाते. खरी बाई समोर उभी असताना आपण तिच्या चित्राकडे पाहत असतो, हे काही वेळाने प्रेक्षकाच्या ध्यानात येते. लग्नाच्या मांडवात समोर वधूवर उभे असताना बाजूला लावलेल्या पडद्याकडे पाहणारे पाहुणे आपण सर्वांनी पाहिले आहेत. कदाचित त्यांत आपणही असू.

डोळ्यापासून पळणारा माणूस

आपल्याच प्रतिमेशी सामना हा विषय पाश्चात्त्य प्रायोगिक कलेतही आलेला आहे. सॅम्युअल बेकेट या नाटककाराच्या 'क्रॅप्स लास्ट टेप' (१९५८) या एकपात्री नाटकात एक वृद्ध माणूस ध्वनिफितीवर आपला तरुणपणीचा आवाज ऐकतो. पण त्याच्या हाती यंत्राची कळ आहे. नको तो भाग तो पुढे सरकवू शकतो. मंजुलेला ही सवलत नाही.

याहून जवळचे उदाहरण म्हणजे बेकेटनेच लिहिलेला 'फिल्म' (१९६५) हा लघुपट. अॅलन श्नायडर यांनी तो दिग्दर्शित केला आणि मूकपटांच्या काळातील थोर विनोदी नट बस्टर कीटन यांनी त्यात काम केले. लघुपट जवळजवळ पूर्ण मूक आहे. त्यातील माणूस कॅमेऱ्याच्या नजरेपासून पळत असतो. भिंतीला चिकटून चालत तो एका खोलीत शिरतो. तेथे तो खिडकी झाकतो, आरसा झाकतो, कुत्रा आणि मांजर यांना बाहेर काढतो, पोपटाच्या पिंजऱ्यावर आणि माशाच्या भांड्यावर कोट टाकतो, कारण त्या सर्वांना डोळे आहेत. जुनी छायाचित्रेही तो फाडून टाकतो. आता आपल्याला पाहणारे कोणी उरले नाही, असे वाटून तो खुर्चीत विसावतो आणि डोळे उघडतो, तर समोर पाहणारा उभा असतो. तो चेहरा त्याचा स्वतःचाच आहे.

या लघुपटातील खोलीही बाहेरून कोणी कुलूप लावलेली नाही. माणसाने ती आतून बंद केली आहे. बेकेटच्या नायकाला कोणी पाहू नये असे वाटते आणि कार्नाडांच्या नायिकेला सर्वांनी पाहावे असे वाटते. दोघेही शेवटी एकाच ठिकाणी पोहोचतात. तिच्या बाबतीत मात्र एक भर आहे. बेकेटच्या माणसापाशी कोणतीही संस्था नाही. मंजुलेच्या भोवती दूरचित्रवाणीचे केंद्र आहे, प्रकाशक आहेत, वाचक आहेत, साहित्यातील मान्यवर आहेत. तिने अमुक प्रश्नांना तमुक उत्तर द्यावे, बहिणीचे नाव घेताना अमुक ठिकाणी गहिवरावे, अशी या सर्वांची अपेक्षा आहे. कोणी तिला हुकूम दिलेला नाही. तिने ती अपेक्षा आधीच ओळखली आहे आणि त्याप्रमाणे आपला चेहरा घडवला आहे. दार उघडेच आहे, पण तो चेहरा काढून ठेवल्यावाचून तिला बाहेर पडता येत नाही.

पाठगत प्रश्न
३. नट हशा ओसरेपर्यंत थांबतो, पण प्रतिमा थांबत नाही. यावरून रंगमंचावरील काळ व पडद्यावरील काळ यांतील फरक सांगा.
४. बेकेटच्या लघुपटातील माणूस आरसा का झाकतो?

दोन बहिणी, दोन भाषा

मालिनी चाकाच्या खुर्चीला जखडलेली होती. तिचे जग म्हणजे घर, पुस्तके आणि लेखन. मंजुला हवी तेथे जाऊ शकत होती. शिकवत होती, सभा-संमेलनांत वावरत होती. असे असूनही मोकळे लेखन झाले ते मालिनीच्या हातून. येथे एक सावधगिरी बाळगली पाहिजे. शरीराने जखडलेला माणूस मनाने मुक्त असतो, असे गोड समीकरण करून समाधान मानणे सोपे आहे. मालिनीची अवस्था सुखाची होती असे नाटक सांगत नाही. ती दुसऱ्यांवर अवलंबून होती आणि तिच्या घरातील माणसांविषयी तिच्या मनात कोणताही भ्रम नव्हता. तिच्या कादंबरीतील ती मत्सरी स्त्री याची साक्ष देते.

नाटकाची एक उणीवही येथेच सांगायला हवी. मालिनी रंगमंचावर कधीच येत नाही. आपल्याला ती कळते ती मंजुलेच्या किंवा मंजुलेच्या प्रतिमेच्या तोंडून. अपंग स्त्रीची कहाणी पुन्हा एकदा दुसऱ्यांनीच सांगितली, असा आक्षेप घेता येईल. नाटककाराच्या बाजूने असे म्हणता येईल की मंजुलेने तिची कादंबरीच चोरली असल्यामुळे तिचा आवाज ऐकू न येणे, हाच नाटकाचा विषय आहे. या दोन्ही बाजूंना वजन आहे. त्याचप्रमाणे उत्तरार्धात एकामागून एक इतकी रहस्ये उलगडतात की रहस्यकथेचा वेग येतो आणि काही प्रश्नांवर विचार करायला प्रेक्षकाला उसंत मिळत नाही. भाषेचा प्रश्न हा त्यांतलाच एक.

मंजुलेवर आरोप असा की तिने पैशासाठी आणि कीर्तीसाठी मातृभाषा सोडली. खरी गोष्ट याहून करुण आहे. तिने भाषा सोडलेलीच नाही, कारण इंग्रजी कादंबरी तिची नाहीच. कन्नडमध्ये जे थोडेफार लिहिले तेच तिचे. पण आता ती त्या कथांकडे परत जाऊ शकत नाही. 'जगप्रसिद्ध इंग्रजी लेखिका' कन्नडमध्ये काय लिहिते, याकडे सर्वांचे डोळे लागलेले असणार आणि तिच्याजवळचे भांडवल पूर्वीचेच आहे. इंग्रजीत लिहिणे तिला शक्य नाही, कन्नडमध्ये लिहिणे आता झेपणारे नाही. आपल्या भाषेत आपणच उपरे होणे, ही परात्मतेची एक कठोर पायरी आहे. मराठीत लिहिणाऱ्या आणि मुलांना इंग्रजी शाळेत पाठवणाऱ्या अनेक घरांना हा प्रश्न दूरचा वाटू नये. गंमत अशी की कार्नाडांनी हे नाटक कन्नड व इंग्रजी या दोन्ही भाषांत स्वतःच लिहिले. जे. पी. नगरातील प्रेक्षकाला मंजुलेची फजिती त्याला हव्या त्या भाषेत पाहण्याची सोय होती. पुढे हिंदीतही 'बिखरे बिंब' या नावाने त्याचे प्रयोग झाले.

नाटकाच्या अखेरीस मोठ्या पडद्यावरची प्रतिमा आणि समोरची बाई यांतील सीमारेषा पुसट होत जाते. मंजुला कोण आणि मालिनी कोण, हेही सांगणे कठीण होते. मागच्या बाजूचे लहानमोठे पडदे, जे आतापर्यंत मुके होते, त्यांवर प्रतिमा उमटतात आणि सगळ्या एकाच वेळी बोलू लागतात. आवाज वाढत जातो, शब्द कळेनासे होतात. मग अंधार.

शब्दार्थ
परात्मता – स्वतःपासून व समाजापासून तुटल्याची अवस्था. स्थानबद्धता – खटला न चालवता एका जागी अडकवून ठेवणे. अधीक्षिका – संस्थेची देखरेख करणारी स्त्री अधिकारी. उपरा – जेथे राहतो तेथला न मानला गेलेला. शुश्रूषा – आजारी माणसाची सेवा. बिंब – मूळ वस्तू, तसेच आरशात किंवा पाण्यात दिसणारे रूप. कचाट्यात सापडणे – सुटता न येण्याजोग्या अडचणीत येणे.

स्वाध्याय

१. 'ओडकलु बिंब' या शीर्षकाचा अर्थ 'फुटलेली प्रतिमा' असा आहे. नाटकात नेमके काय फुटते, असे तुम्हाला वाटते? सात-आठ वाक्यांत लिहा.

२. 'उंबरठा'मधील सुलभा आणि 'ओडकलु बिंब'मधील मंजुला या दोघींच्या बंदिवासातील साम्य व फरक स्पष्ट करा.

३. मालिनी रंगमंचावर न येणे ही नाटकाची उणीव मानावी की त्याचे सामर्थ्य? दोन्ही बाजू मांडून आपले मत द्या.

४. एक खोली, एक माणूस आणि एक पडदा एवढीच सामग्री घेऊन पाच मिनिटांच्या लघुपटाची कल्पना तुम्हाला मांडायची आहे. माणूस कोण, तो तेथे का आला आणि पडद्यावर काय दिसते, हे ठरवून तिचा आराखडा लिहा. संवाद शक्य तितके कमी ठेवा.

५. तुमच्या परिसरातील एखाद्या वसतिगृहात, रुग्णालयात किंवा वृद्धाश्रमात राहिलेल्या ओळखीच्या व्यक्तीशी बोला. तेथे दिवसातील कोणती वेळ त्यांना सर्वांत लांब वाटत असे, ते विचारा आणि त्यांची संमती असेल तर त्यांच्याच शब्दांत लिहून आणा. नाव लिहू नका.